न विरणारे ढग

पावसाळा सरून कार्तिक-मार्गशीर्षाचे दिवस आले, म्हणजे आकाश धुतल्यासारखे स्वच्छ होते. अशा निरभ्र रात्री, आकाशात चंद्र नसताना, गावाबाहेरच्या एखाद्या माळावर उभे राहून वर दृष्टी टाकली, तर असंख्य तारे दिसतातच. परंतु त्यांच्या जोडीला काही निराळ्या वस्तूही नजरेस पडतात. तारा हा लुकलुकणारा, रेखीव बिंदू असतो. या वस्तू मात्र पुसट, पसरट आणि धुरकट असतात. काळ्या पाटीवरील खडूची खूण ओल्या बोटाने अर्धवट पुसावी, तसे त्यांचे रूप असते. वारा आला तरी हे ढग विरत नाहीत. आज ज्या ताऱ्यांच्या सोबतीत ते दिसले, त्याच ताऱ्यांच्या सोबतीत ते पुढील वर्षीही सापडतात आणि आपल्या पणजोबांनाही ते तेथेच दिसत होते.

हे ढग आहेत तरी काय? हा प्रश्न विचारण्यास सोपा, पण सोडविण्यास फार अवघड ठरला. त्याचे उत्तर मिळविण्यास माणसाला शेकडो वर्षे लागली आणि त्या प्रयत्नात आपल्या पुण्याचाही वाटा आहे. त्याची हकीकत मराठी मुलांना ठाऊक असावी, म्हणून हा पाठ.

प्रथम एक साधा अनुभव ध्यानात घेऊ. पुण्याहून सासवडला जाताना दिवे घाट लागतो. रात्रीच्या वेळी घाटमाथ्यावर उभे राहून खाली पाहिले, तर जवळच्या वस्तीतील दिवे निरनिराळे मोजता येतात. दूरच्या शहराचे दिवे मात्र एकमेकांत मिसळतात आणि क्षितिजावर केवळ एक पिवळसर उजेड पसरलेला दिसतो. तो उजेड म्हणजे दिव्यांची दाटी आहे, हे आपल्याला माहीत असते म्हणून आपण फसत नाही. पण ज्याने ते शहर कधी पाहिलेच नाही, त्याने काय समजावे? तेथे धुके पसरले असून त्यावर प्रकाश पडला आहे, की खरोखर हजारो दिवे आहेत? आकाशातील ढगांविषयी ज्योतिर्विदांपुढे हाच पेच होता. ते ताऱ्यांची दाटी आहेत, की चकाकणारे धुके आहे?

आज आपल्याला माहीत आहे की, एकसारख्या दिसणाऱ्या या ढगांत तीन अगदी भिन्न प्रकारच्या वस्तू आहेत. पहिला प्रकार तारकागुच्छांचा. एकाच वायुमेघातून जन्मलेल्या आणि परस्परांच्या आकर्षणाने एकत्र राहिलेल्या ताऱ्यांच्या समुदायाला तारकागुच्छ म्हणतात. कृत्तिका नक्षत्र हा एक गुच्छच होय. साध्या डोळ्यांना त्यात सहा-सात तारे दिसतात. पुष्य नक्षत्रातील पुसट ठिपका हाही गुच्छच आहे. दुसरा प्रकार अभ्रिकांचा. अभ्रिका म्हणजे वायू आणि धूळ यांचा विशाल मेघ. मृग नक्षत्रात जो तीन ताऱ्यांचा बाण आहे, त्याच्या दक्षिणेस मंद ताऱ्यांची एक आखूड ओळ दिसते. तिच्या मध्यावरील धूसर ठिपका ही मृगातील प्रसिद्ध अभ्रिका होय. तिसरा प्रकार दीर्घिकांचा. दीर्घिका म्हणजे अब्जावधी ताऱ्यांचे स्वतंत्र विश्वच. आपला सूर्य ज्या दीर्घिकेत आहे तिला आपण आकाशगंगा म्हणतो. देवयानी या तारकासमूहात साध्या डोळ्यांना दिसणारा अस्पष्ट ठिपका ही आपल्या शेजारची मोठी दीर्घिका आहे.

देवयानीतील या ठिपक्याची जुनी लेखी नोंद इ. स. ९६४ च्या सुमारास इराणमधील अल्‌-सूफी या ज्योतिर्विदाने केली. त्याने त्यास 'लहानसा ढग' म्हटले. पुढे साडेसहा शतके या ज्ञानात फारशी भर पडली नाही. १६१० साली गॅलिलिओने आपली लहानशी दुर्बीण कृत्तिकांकडे वळविली, तेव्हा सहा-सात ताऱ्यांच्या जागी त्यास छत्तीसहून अधिक तारे दिसले. पुष्यातील ढगाचेही तारे झाले. आकाशगंगेचा दुधी पट्टाही ताऱ्यांनीच भरलेला आहे, असे आढळले. तेव्हा साहजिकच असा तर्क निघाला की, सगळेच ढग ताऱ्यांचे असावेत. दुर्बीण मोठी केली, म्हणजे सर्वांचे तारे दिसू लागतील. हा तर्क सुबक होता. पण तो अर्धाच खरा ठरला.

अठराव्या शतकात फ्रान्समध्ये शार्ल मेसिए नावाचा एक निरीक्षक होऊन गेला. धूमकेतू शोधणे हा त्याचा ध्यास होता. धूमकेतूही आरंभी धुरकट ठिपक्यासारखाच दिसतो. १७५८ साली वृषभ राशीत त्यास असाच एक ठिपका आढळला. परंतु कित्येक रात्री पाहूनही तो जागचा हलेना. धूमकेतू असता तर तो ताऱ्यांमधून सरकला असता. अशा फसव्या ठिपक्यांमुळे वेळ व्यर्थ जाऊ नये, म्हणून मेसिएने त्यांची यादीच केली. १७८१ पर्यंत तिच्यात १०३ वस्तूंची नोंद झाली. मौज अशी की, ज्या धूमकेतूंसाठी त्याने आयुष्य वेचले त्यांच्यामुळे त्याचे नाव फारसे कोणी घेत नाही. टाळावयाच्या वस्तूंची ती यादी मात्र आजही जगभर वापरली जाते. तिच्यातील पहिली वस्तू म्हणजे वृषभातील खेकडा अभ्रिका. १०५४ साली चीनमधील निरीक्षकांनी तेथे एक नवा तारा एकाएकी तळपताना पाहिला होता. तो दिवसाही काही आठवडे दिसत होता. त्या ताऱ्याच्या स्फोटातून उरलेले आणि अजूनही पसरत असलेले अवशेष म्हणजेच ही अभ्रिका.

मेसिएनंतर इंग्लंडमध्ये विल्यम हर्शेल आणि त्यांची बहीण कॅरोलाइन यांनी वीस वर्षे आकाश पिंजून काढले व सुमारे अडीच हजार ढगांची नोंद केली. १८४५ साली आयर्लंडमधील लॉर्ड रॉस यांनी सहा फूट व्यासाच्या आरशाची दुर्बीण उभारली. तिच्यातून काही ढग भोवऱ्यासारखे वळणदार दिसले. दुर्बिणी वाढत गेल्या, नोंदी वाढत गेल्या. पण 'तारे की धुके' हा वाद मिटला नाही. कारण तारे न दिसल्यास 'आणखी मोठी दुर्बीण हवी' असे म्हणण्यास नेहमीच जागा राहत असे.

हा पेच नुसत्या मोठ्या दुर्बिणीने सुटला नाही. तो प्रकाशाचे पृथक्करण केल्याने सुटला. सूर्यप्रकाश लोलकातून नेला असता त्याचे सात रंग होतात, हे तुम्हांस ठाऊक आहे. या रंगांच्या पट्ट्यास वर्णपट म्हणतात. ताऱ्याच्या प्रकाशाचा वर्णपट अखंड रंगीत असून त्यात मधूनमधून काळ्या रेषा असतात. विरळ, तप्त वायूच्या प्रकाशाचा वर्णपट निराळा असतो. त्यात अंधारावर केवळ काही तेजस्वी रेषा दिसतात. १८६४ साली विल्यम हगिन्स यांनी कालेय तारकासमूहातील एका अभ्रिकेचा प्रकाश असा तपासला आणि त्यांस केवळ तेजस्वी रेषा दिसल्या. ती अभ्रिका ताऱ्यांची दाटी नव्हती. तो खराखुरा वायू होता. म्हणजे काही ढग ताऱ्यांचे, तर काही वायूचे, असे ठरले.

परंतु त्यातून एक नवे कोडे निर्माण झाले. या अभ्रिकांच्या वर्णपटातील सर्वांत ठळक हिरवी रेषा पृथ्वीवरील कोणत्याही ज्ञात मूलद्रव्याशी जुळेना. नॉर्मन लॉकियर या विख्यात इंग्रज शास्त्रज्ञाने असे मत मांडले की, अभ्रिका म्हणजे एकमेकांवर आदळणाऱ्या उल्कांचे थवे असून ती रेषा तापलेल्या मॅग्नेशियमच्या पट्टीची कडा आहे. तसे असेल, तर रेषेची एक बाजू रेखीव आणि दुसरी पुसट दिसावयास हवी होती. याची पारख डोळ्यांनी, काळजीपूर्वक निरीक्षण करूनच होणार होती.

आणि येथे आपल्या पुण्याचा संबंध येतो. कावसजी दादाभाई नायगमवाला हे पारशी गृहस्थ मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवीत असत. १८८२ साली भावनगरचे महाराज तख्तसिंहजी यांनी वेधशाळेसाठी ५,००० रुपयांची देणगी दिली आणि मुंबई सरकारने तेवढीच भर घातली. नायगमवाला पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समध्ये आले आणि त्या महाविद्यालयाच्या आवारात १८८८ साली 'महाराजा तख्तसिंहजी वेधशाळा' उभी राहिली. हेच महाविद्यालय पुढे अभियांत्रिकी महाविद्यालय म्हणून प्रसिद्धीस आले. डब्लिनच्या ग्रब यांच्या कारखान्यात घडविलेली तेथील परावर्ती दुर्बीण त्या काळी हिंदुस्थानातील सर्वांत मोठ्या दुर्बिणींत गणली जाई.

मुळा-मुठेच्या काठावरून नायगमवाला यांनी मृगातील अभ्रिकेचा वर्णपट पाहिला. ती हिरवी रेषा त्यांस दोन्ही बाजूंनी स्वच्छ, बारीक आणि रेखीव दिसली. १८९१ साली लंडनच्या रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या मासिकात त्यांचे हे निरीक्षण प्रसिद्ध झाले. लॉकियर यांचे नाव मोठे होते, अधिकार मोठा होता. परंतु पुण्यातील या प्राध्यापकाने जे दिसले तेच लिहिले. शास्त्रात मोठेपणाचा मान राखावा, पण साक्ष डोळ्यांचीच घ्यावी, हा धडा त्यात आहे. त्याच सुमारास अमेरिकेतील लिक वेधशाळेत कीलर यांनाही तसेच आढळले आणि मॅग्नेशियमचे मत मागे पडले. त्या रेषेचे रहस्य १९२७ साली आयरा बोवेन यांनी उलगडले. दोन इलेक्ट्रॉन गमावलेल्या ऑक्सिजनची ती रेषा होती. अभ्रिकेतील वायू इतका विरळ असतो, की तेथे ऑक्सिजन ज्या रीतीने प्रकाशतो, तशी रीत प्रयोगशाळेत सहजासहजी साधत नाही. म्हणून ती ओळखता आली नव्हती.

नायगमवाला यांचा आणखी एक प्रसंग सांगण्याजोगा आहे. २२ जानेवारी १८९८ रोजी खग्रास सूर्यग्रहण झाले. त्या वेळी लॉकियर कोकणात विजयदुर्गास तळ देऊन होते आणि नायगमवाला यांनी सोलापूर जिल्ह्यातील जेऊर येथे वेध घेतले. पुण्याहून जेऊरला जाणारा लोहमार्ग आमच्या लोणी काळभोरवरूनच जातो. त्या मार्गाने जाणाऱ्या मुलांनी हे स्मरणात ठेवावे.

मात्र या वेधशाळेचा शेवट चटका लावणारा आहे. १९१२ साली नायगमवाला निवृत्त झाले आणि त्यांच्यासह वेधशाळाही बंद झाली. तिची उपकरणे दक्षिणेत कोडाईकॅनलच्या वेधशाळेकडे पाठविण्यात आली. दुर्बीण होती, आकाश होते. परंतु काम पुढे चालविणारी शिष्यांची परंपरा आणि तिला आधार देणारी संस्था नव्हती. एका माणसाच्या खांद्यावर उभे राहिलेले कार्य त्या माणसाबरोबरच थांबते.

इकडे जगात शोध पुढे चाललाच होता. वळणदार ढगांचे कोडे अजून सुटावयाचे होते. ते आपल्या आकाशगंगेतच आहेत, की तिच्या बाहेर? अंतर कळल्याशिवाय उत्तर मिळणे शक्य नव्हते. अमेरिकेतील हेन्रिएटा लेविट या विदुषीने १९१२ साली दाखवून दिले की, 'सेफीड' जातीच्या रूपविकारी ताऱ्यांचे तेज ठरावीक काळाने कमी-अधिक होते आणि हा काळ जितका मोठा, तितका तो तारा मुळात अधिक तेजस्वी असतो. ताऱ्याचे खरे तेज कळले, म्हणजे तो किती मंद दिसतो यावरून त्याचे अंतर काढता येते. समोरून येणाऱ्या गाडीच्या दिव्याच्या उजेडावरून ती किती दूर आहे, याचा अंदाज आपण बांधतो, त्यातलाच हा प्रकार. १९२३ साली एडविन हबल यांनी माउंट विल्सन येथील शंभर इंची दुर्बिणीने देवयानीतील ढगात असाच एक तारा शोधून काढला. त्याचे अंतर आपल्या आकाशगंगेच्या मर्यादेपलीकडचे निघाले. हा ढग म्हणजे दुसरी आकाशगंगाच होती. आजच्या मापनानुसार ती सुमारे २५ लक्ष प्रकाशवर्षे दूर आहे. प्रकाशवर्ष म्हणजे प्रकाशाने एका वर्षात तोडलेले अंतर. तेव्हा आज आपल्या डोळ्यांत शिरणारा देवयानीचा प्रकाश २५ लक्ष वर्षांपूर्वी निघालेला आहे. साध्या डोळ्यांनी यापेक्षा फारसे दूर पाहता येत नाही.

पुण्याच्या आकाशशास्त्राचा खुंटलेला वेल पुढे पुन्हा बहरला, पण या वेळी संस्थेच्या मांडवावर. टाटा मूलभूत संशोधन संस्थेतील डॉ. गोविंद स्वरूप (१९२९–२०२०) यांच्या नेतृत्वाखाली जुन्नर तालुक्यातील नारायणगावाजवळ खोडद येथे एक प्रचंड रेडिओ दुर्बीण उभी राहिली. आकाशस्थ वस्तूंकडून प्रकाशाप्रमाणेच रेडिओ लहरीही येतात. त्या ही दुर्बीण टिपते. तिच्यात प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या असून त्या सुमारे २५ किलोमीटरच्या परिसरात विखुरलेल्या आहेत. त्या सर्व मिळून एकाच दुर्बिणीसारखे काम करतात. या तबकड्या पत्र्याच्या नाहीत, तर पोलादी तारांच्या जाळीच्या आहेत. चाळणीतून पीठ गळते, पण गहू गळत नाहीत. त्याप्रमाणे लांब रेडिओ लहरी जाळीवरून परावर्तित होतात आणि वारा मात्र जाळीतून निघून जातो. त्यामुळे तबकडी हलकी झाली आणि खर्चही पुष्कळ वाचला. २००२ सालापासून ही दुर्बीण जगातील संशोधकांना खुली आहे.

या दुर्बिणीने त्या जुन्याच ढगांविषयी नवे काय सांगितले? एक उदाहरण तारकागुच्छाचे. कपोत तारकासमूहात एक गोलाकार गुच्छ आहे. त्यात असंख्य वृद्ध तारे मधमाश्यांसारखे दाटीने राहतात. २००४ साली खोडदच्या दुर्बिणीने त्यात एक स्पंदक तारा शोधल्याचे जाहीर झाले. हा मृत ताऱ्याचा गाभा स्वतःभोवती एका सेकंदात सुमारे २०० वेळा फिरतो आणि आपल्या जोडीदाराभोवती अतिशय लांबट कक्षेत १९ दिवसांनी प्रदक्षिणा घालतो. गुच्छातील दाटीत तारे एकमेकांच्या जवळून जातात व जोडीदारही बदलतात, या कल्पनेला त्यामुळे बळ मिळाले. दुसरे उदाहरण दीर्घिकांचे. हायड्रोजन वायूकडून २१ सेंटिमीटर लांबीच्या रेडिओ लहरी निघतात. विश्व प्रसरण पावत असल्याने दूरवरून येणारी लहर वाटेत ताणली जाते. २०२३ साली याच दुर्बिणीच्या नोंदींतून एका दीर्घिकेची सुमारे ४८ सेंटिमीटरपर्यंत ताणली गेलेली हायड्रोजनची लहर ओळखण्यात आली. ती ८८० कोटी वर्षांपूर्वी निघाली होती. त्या वेळी आपली पृथ्वी जन्मलीही नव्हती.

१९८८ साली डॉ. जयंत नारळीकर (१९३८–२०२५) यांच्या नेतृत्वाखाली पुण्यात 'आयुका' ही संस्था स्थापन झाली. २०१७ साली तेथील व पुण्यातील इतर संशोधकांनी मीन राशीच्या दिशेस दीर्घिकांच्या समूहांचा एक महासमूह शोधून काढला. त्याला 'सरस्वती' असे नाव देण्यात आले. तो सुमारे ४०० कोटी प्रकाशवर्षे दूर असून त्याचा विस्तार ६० कोटी प्रकाशवर्षांचा आहे. २०२५ साली पुण्याच्याच राष्ट्रीय रेडिओ खगोलभौतिकी केंद्रातील राशी जैन आणि योगेश वाडदेकर यांनी जेम्स वेब या अवकाशातील दुर्बिणीच्या चित्रांत एक सुंदर सर्पिल दीर्घिका ओळखली. विश्वाचे वय अवघे दीड अब्ज वर्षे होते, त्या काळातील ती आहे. इतक्या बाल्यावस्थेत इतकी सुघड दीर्घिका असेल, असे वाटत नव्हते. तिचे नाव त्यांनी 'अलकनंदा' ठेवले.

मुलांनो, या सर्व कथेत एक गोष्ट सारखी आहे. दूरचे क्षीण काही जाणून घ्यावयाचे, तर जवळचा झगमगाट आणि गोंगाट आवरावा लागतो. रेडिओ दुर्बिणीला शांतता लागते. मोबाइल, विजेची यंत्रे, तारांमधील ठिणग्या यांच्या लहरींपुढे आकाशातील लहरी फार दुबळ्या असतात. पुणे–नाशिक नव्या लोहमार्गाची आखणी नारायणगाव परिसरातून नेण्यास याच कारणाने हरकत निघाली. त्या भागातील शेतकऱ्यांना व व्यापाऱ्यांना रेल्वे हवी आहे, हेही तितकेच रास्त आहे. दोन चांगल्या गोष्टी समोरासमोर आल्या म्हणजे निवाडा सोपा नसतो. परंतु दुर्बिणीची बाजू लोकांना समजलेलीच नसेल, तर निवाडा एकांगी होईल.

साध्या डोळ्यांच्या आकाशाला अंधार लागतो. आमच्या लहानपणी लोणीच्या अंगणातून आकाशगंगेचा पट्टा दिसत असे. आज शहर वाढत आमच्या शिवेपर्यंत आले आहे. हमरस्ता, गोदामे आणि नवी घरे यांच्या दिव्यांनी रात्र उजळली आहे. दिवे हवेतच, त्यांवाचून सुरक्षितता नाही. पण दिव्याचा उजेड जमिनीवर पडावा, आकाशात नव्हे. दिव्यावर योग्य झाकण घालणे आणि नको तेव्हा तो मालवणे, यात खर्च नाही, उलट बचतच आहे.

येत्या मार्गशीर्षात अमावास्येच्या आसपास तुम्ही हे अवश्य करून पाहा. रात्री नऊच्या सुमारास दिव्यांपासून दूर जा आणि डोळ्यांना अंधाराची सवय होण्यास वीस मिनिटे द्या. प्रथम कृत्तिका मोजा. मग पूर्वेकडे मृगाच्या बाणाखालचा ठिपका शोधा. नायगमवाला यांनी पुण्यातून पाहिली ती हीच अभ्रिका. तेथे आजही नवे तारे जन्मत आहेत. मग वायव्येकडे वळून देवयानीतील ढग दिसतो का पाहा. काय दिसले ते वहीत तारखेसह लिहा. दिसले नाही, तर तेही लिहा. नोंदीची किंमत खरेपणावर ठरते, हे पुण्याच्या त्या प्राध्यापकाने आपल्याला शिकविलेच आहे.